शून्यांचा हिशेब : फार मोठ्या संख्या लिहिण्याची रीत

१. टीएमसी म्हणजे किती लिटर?

पावसाळ्यात महाराष्ट्रातल्या वर्तमानपत्रांत एक आकडा रोज छापून येतो : कोयना धरणात आज इतके टीएमसी पाणी. धरण काठोकाठ भरले की हा आकडा १०५.२५ वर पोहोचतो. एक टीएमसी म्हणजे एक हजार दशलक्ष, म्हणजेच एक अब्ज घनफूट पाणी. पण घरात पाणी घनफुटांत कोणी मोजत नाही. बादली लिटरची, गच्चीवरची टाकी लिटरची, उन्हाळ्यात दारात येणारा टँकरही लिटरचाच. म्हणून वाचकाच्या मनात साधा प्रश्न येतो : हे सगळे पाणी लिटरमध्ये किती?

एका घनफुटात सुमारे २८.३१७ लिटर पाणी मावते. त्यामुळे एक टीएमसी म्हणजे २८,३१,७०,००,००० लिटर. त्याला १०५.२५ ने गुणले की भरलेल्या कोयनेचे पाणी येते साधारण २९,८०,००,००,००,००० लिटर.

उत्तर मिळाले, पण ते वाचताना डोळा अडखळतो. शून्ये किती हे बोट ठेवून मोजावे लागते. छापताना त्यातले एक शून्य गळाले तर धरण दहा पटींनी लहान होते आणि वाचणाऱ्याला त्याचा पत्ताही लागत नाही. पाटबंधारे खाते आणि वर्तमानपत्रे टीएमसी हे एकक वापरतात, त्याचे एक कारण हेच आहे. त्या तीन अक्षरांनी नऊ शून्ये पोटात घेतलेली असतात.

पण प्रत्येक मोठ्या राशीसाठी असे वेगळे एकक काढत बसणे शक्य नाही. पृथ्वीचे वस्तुमान किलोग्रॅममध्ये लिहायचे तर ५९७ लिहून त्यापुढे बावीस शून्ये द्यावी लागतात. सूर्याचे लिहायचे तर शून्ये आणखी वाढतात. अशा संख्या चुकल्याशिवाय लिहिता याव्यात, एका दृष्टिक्षेपात वाचता याव्यात आणि त्यांचा गुणाकार कागदाच्या कोपऱ्यात करता यावा, यासाठी जी रीत जगभर रूढ झाली आहे तिला वैज्ञानिक लेखनपद्धती म्हणतात.

२. नावे कुठपर्यंत पुरतात?

मोठ्या संख्येवरचा पहिला उपाय म्हणजे तिला नाव देणे. या बाबतीत भारतीय परंपरा श्रीमंत आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) एकापासून परार्धापर्यंत अठरा स्थानांची नावे आहेत आणि प्रत्येक स्थान आधीच्या स्थानाच्या दहापट आहे. लक्ष, कोटी, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी अशी ती चढत जातात. शेवटचा परार्ध म्हणजे एकावर सतरा शून्ये.

नावांची अडचण अशी की ती सर्वांनी सारख्याच अर्थाने वापरली तरच उपयोगी पडतात. ‘लीलावती’तला खर्व म्हणजे एकावर दहा शून्ये, तर त्याच शब्दापासून आलेल्या हिंदीतल्या खरबला अकरा शून्ये असतात. परार्ध भास्कराचार्यांकडे सतरा शून्यांचा, पण यजुर्वेदातल्या संख्यानामांत तोच शब्द बारा शून्यांच्या संख्येसाठी येतो.

युरोपातही असाच गोंधळ आहे. अमेरिकेत बिलियन म्हणजे एकावर नऊ शून्ये. ब्रिटनमध्ये पूर्वी याच शब्दाला बारा शून्ये असत. ब्रिटिश सरकारने १९७४ मध्ये अमेरिकी अर्थ स्वीकारला. जर्मन भाषेत मात्र बिलियन आजही बारा शून्यांचाच आहे. एकाच शब्दाने एका देशात एक संख्या आणि दुसऱ्या देशात तिच्या हजारपट संख्या सांगितली जात असेल, तर शास्त्राच्या व्यवहाराला तो शब्द निरुपयोगी ठरतो.

स्वल्पविरामांचीही तीच गत. भारतात शेवटचे तीन अंक सोडून पुढे दोन-दोनांचे गट पाडतात, पाश्चात्त्य देशांत तीन-तीनांचे. संख्या तीच, पण मोडणी निराळी. म्हणून नाव आणि विराम यांच्यावर विसंबण्याऐवजी जे कुणालाही मोजता येते आणि जे सगळीकडे सारखेच असते त्यावर भर देणे सोयीचे. ते म्हणजे शून्यांची संख्या.

३. शून्यांऐवजी शून्यांची संख्या

शंभर म्हणजे १० × १०. यात दहा दोनदा आला. हजार म्हणजे १० × १० × १०. यात दहा तीनदा आला. एकच संख्या स्वतःशी कितीदा गुणली, हे सांगणाऱ्या छोट्या अंकाला घातांक म्हणतात आणि जी संख्या गुणली जाते तिला पाया. हाताने लिहिताना घातांक पायाच्या उजव्या खांद्यावर लहान आकारात लिहितात. या प्रकरणात त्यासाठी ^ ही खूण वापरली आहे. संगणकावरही तीच वापरतात. म्हणजे १०^३ याचा अर्थ दहाचा तिसरा घात, अर्थात १,०००.

पाया दहा असला की एक सोय आपोआप होते : घातांक जितका, तितकीच एकावर शून्ये. व्यवहारातली परिचित नावे या भाषेत अशी दिसतात :

हजार = १०^३
लाख = १०^५
दशलक्ष = १०^६
कोटी = १०^७
अब्ज = १०^९
लाख कोटी = १०^१२

यातली शेवटची ओळ थांबून पाहण्यासारखी आहे. ‘लाख कोटी’ हा शब्द अर्थसंकल्पाच्या बातम्यांत नेहमी येतो. लाखाची पाच शून्ये आणि कोटीची सात शून्ये मिळून बारा. लाख कोटी म्हणणारा माणूस नकळत दोन घातांकांची बेरीज करत असतो. पुढे येणारा गुणाकाराचा सगळा नियम या एका शब्दात दडलेला आहे.

ही युक्ती फार जुनी आहे. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात सिराक्यूजच्या आर्किमिडीजने राजा गेलॉनला उद्देशून एक छोटा ग्रंथ लिहिला. वाळूचे कण असंख्य आहेत, किंवा असंख्य नसले तरी त्यांच्याएवढ्या मोठ्या संख्येला नाव नाही, असे लोक मानत. आर्किमिडीजने ठरवले की नुसत्या किनाऱ्यावरची नव्हे, तर सारे विश्व वाळूने भरले तर लागणाऱ्या कणांची संख्याही सांगून दाखवायची. ग्रीकांकडे सर्वांत मोठे रूढ नाव दहा हजाराचे होते. त्याने दहा हजार वेळा दहा हजार, म्हणजे आजच्या भाषेत १०^८, हे नवे एकक धरले, मग त्या एककाच्या पटी, त्या पटींच्या पटी अशी शिडी रचली. त्याचे उत्तर आजच्या लेखनात १०^६३ पेक्षा कमी इतके येते. अशा शिडीवरच्या दोन संख्यांचा गुणाकार पायऱ्यांच्या बेरजेने मिळतो, हेही त्याने नोंदवले. त्याच्याजवळ शून्य नव्हते, घातांकाचे चिन्ह नव्हते. पण पायऱ्या मोजण्याची कल्पना होती. घातांक खांद्यावर लिहिण्याची आजची पद्धत रूढ व्हायला मात्र सतरावे शतक उजाडावे लागले. देकार्तच्या १६३७ मधल्या भूमितीवरच्या ग्रंथाने ती युरोपभर पोहोचवली.

४. लिहिण्याची रीत

सगळ्याच संख्या एकावर शून्ये अशा सरळ नसतात. कोयनेचे पाणी २९,८०,००,००,००,००० लिटर आहे. अशा संख्येचे दोन तुकडे करायचे : पुढे एक लहान आकडा, मागे दहाचा घात. पुढच्या आकड्याला गुणक म्हणू. रीत तीन पायऱ्यांची आहे.

पहिली पायरी : दशांशचिन्ह पहिल्या अंकानंतर आणायचे. वरच्या संख्येत ते २ नंतर येईल, म्हणजे गुणक होईल २.९८.

दुसरी पायरी : ते किती घरे डावीकडे सरकले हे मोजायचे. पूर्ण संख्येत दशांशचिन्ह शेवटच्या अंकानंतर असते, मग ते लिहिलेले नसले तरी. तिथून २ पर्यंत यायला ते १२ घरे सरकले.

तिसरी पायरी : जितकी घरे सरकली तितका दहाचा घातांक द्यायचा. उत्तर : २.९८ × १०^१२ लिटर. वाचताना ‘दोन पूर्णांक अठ्ठ्याण्णव शतांश गुणिले दहाचा बारावा घात’ असे वाचतात.

मोजायची घरे आहेत, शून्ये नव्हेत, हे लक्षात ठेवणे आवश्यक आहे. २९,८०,००,००,००,००० या संख्येत शेवटी शून्ये दहाच आहेत, पण घातांक बारा आला, कारण ९ आणि ८ यांची दोन घरेही ओलांडावी लागली. नवशिक्याची सर्वांत जास्त होणारी चूक हीच.

आणखी काही उदाहरणे :

प्रकाशाचा वेग सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर, म्हणजे २.९९७९२४५८ × १०^८ मीटर. व्यवहारात ३ × १०^८.

पृथ्वी आणि सूर्य यांच्यामधले सरासरी अंतर १४.९६ कोटी किलोमीटर. १४.९६ मध्ये चिन्ह एक घर डावीकडे सरकवले की १.४९६ × १०^१, आणि कोटीचे १०^७, मिळून १.४९६ × १०^८ किलोमीटर. मीटरमध्ये हवे तर हजाराचे तीन घात वाढतात : १.४९६ × १०^११ मीटर.

२०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पातला एकूण खर्च ५०.६५ लाख कोटी रुपये. लाख कोटीचे १०^१२ आणि ५०.६५ चे ५.०६५ × १०^१, मिळून ५.०६५ × १०^१३ रुपये.

उलट दिशेने यायचे असेल तर घातांक जितका, तितकी घरे चिन्ह उजवीकडे न्यायचे आणि रिकाम्या घरांत शून्ये भरायची. ६.३ × १०^५ म्हणजे ६,३०,०००.

गुणक एक किंवा त्याहून मोठा, पण दहापेक्षा लहान ठेवायचा, असा संकेत आहे. २९.८ × १०^११ किंवा ०.२९८ × १०^१३ लिहिले तरी संख्या बदलत नाही. पण मग एकाच संख्येची अनेक रूपे होतील आणि दोन संख्या शेजारी ठेवून तुलना करणे अवघड जाईल. संकेत पाळला की प्रत्येक संख्येला असे एकच रूप उरते आणि तुलना सोपी होते : आधी घातांक पाहायचे, ज्याचा मोठा ती संख्या मोठी, घातांक सारखे असतील तरच गुणकाकडे वळायचे. नुसत्या गुणकांवरून ८.१ × १०^६ ही संख्या २.४ × १०^९ पेक्षा मोठी वाटते, पण प्रत्यक्षात ती जवळजवळ तीनशे पटींनी लहान आहे.

५. एक संख्या, दोन प्रश्न

या लेखनाचा खरा फायदा कागद वाचण्यापुरता नाही. कोणत्याही मोठ्या मोजमापाबद्दल दोन वेगळे प्रश्न असतात : ते केवढे आहे आणि ते किती खात्रीने माहीत आहे? साध्या लेखनात हे दोन्ही प्रश्न शून्यांच्या रांगेत मिसळून जातात. वैज्ञानिक लेखन त्यांना वेगळे करते. ‘केवढे’ याचे उत्तर घातांक देतो, ‘किती खात्रीने’ याचे उत्तर गुणक.

एका सभेला ५०,००० लोक होते असे सांगितले, तर त्यातली चार शून्ये मोजून आलेली आहेत की अंदाजाने ठेवलेली, हे कळत नाही. मैदानाकडे नजर टाकून केलेला अंदाज असेल तर ते ५ × १०^४ असे लिहायचे. प्रवेशद्वारावर प्रत्येक तिकीट फाडून मोजणी केली असेल आणि ती नेमकी पन्नास हजार भरली असेल, तर ५.०००० × १०^४ असे लिहायचे. दोन्हींची किंमत एकच, पण दुसऱ्या लेखनातले प्रत्येक शून्य ‘मी मोजलेले आहे’ अशी साक्ष देते. अशा भरवशाच्या अंकांना सार्थ अंक म्हणतात.

म्हणून कोयनेचे पाणी २.९८ × १०^१२ लिटर असे लिहिले की त्यात तीन अंकांचा दावा असतो. गणनयंत्रावर २.९८०३६४२५ असे काही आले तरी ते सगळे अंक उतरवून घेणे चुकीचे ठरते. धरणाचा तळ गाळाने बदलत असतो, पाण्याची पातळी मोजण्यालाही मर्यादा असते. आठव्या अंकापर्यंतची खात्री कुणालाच देता येत नाही.

६. गुणाकार आणि भागाकार

या पद्धतीत गुणाकाराचे दोन सोपे तुकडे होतात : गुणकांचा गुणाकार आणि घातांकांची बेरीज. भागाकारात गुणकांचा भागाकार आणि घातांकांची वजाबाकी. कारण सरळ आहे. १०^३ मध्ये दहा तीनदा आहे, १०^४ मध्ये चारदा. दोन्ही एकत्र गुणले की दहा सातदा येणार, म्हणजे १०^७. भागताना तेवढेच दहा वरखाली छाटले जातात.

कोयनेच्या पाण्याने दहा हजार लिटरचे टँकर भरायचे तर किती लागतील? दहा हजार म्हणजे १०^४.

(२.९८ × १०^१२) ÷ १०^४ = २.९८ × १०^८

म्हणजे २९.८ कोटी टँकर. बारा वजा चार, आठ. हिशेब तोंडी झाला.

सूर्याचा प्रकाश पृथ्वीवर यायला किती वेळ लागतो? अंतर साधारण १.५ × १०^११ मीटर, वेग सेकंदाला ३ × १०^८ मीटर.

(१.५ ÷ ३) × १०^(११ − ८) = ०.५ × १०^३

गुणक एकापेक्षा लहान आला, म्हणून संकेताप्रमाणे चिन्ह एक घर उजवीकडे नेऊन घातांक एकाने कमी करायचा : ५ × १०^२, म्हणजे ५०० सेकंद, अर्थात सव्वाआठ मिनिटांहून थोडे अधिक.

सूर्य पृथ्वीच्या किती पट जड आहे? सूर्याचे वस्तुमान १.९८८ × १०^३० किलोग्रॅम, पृथ्वीचे ५.९७ × १०^२४ किलोग्रॅम. गुणकांचा भागाकार ०.३३३, घातांकांची वजाबाकी ६. उत्तर ०.३३३ × १०^६, म्हणजे ३.३३ × १०^५. सूर्याच्या वजनाला तीन लाख तेहतीस हजार पृथ्व्या लागतील. शून्ये लिहून हाच भागाकार मांडला असता तर निम्मा वेळ शून्ये मोजण्यातच गेला असता.

भरवशाच्या अंकांचा नियम इथेही लागू असतो. वर आलेला अर्थसंकल्पी खर्च देशाच्या लोकसंख्येने भागायचा झाला, तर लोकसंख्या सुमारे १४० कोटी, म्हणजे १.४ × १०^९. गुणकांचा भागाकार ३.६१८ येतो आणि घातांक १३ − ९ = ४. पण लोकसंख्या दोनच अंकांपर्यंत धरलेली असल्याने उत्तरही दोन अंकांचेच द्यायचे : माणशी ३.६ × १०^४ रुपये, म्हणजे छत्तीस हजारांच्या आसपास. साखळीत जी कडी सर्वांत कच्ची, तितकीच साखळी पक्की.

७. बेरीज आणि वजाबाकी

गुणाकाराला सोपी असलेली ही पद्धत बेरजेला मात्र एक अट घालते : आधी घातांक सारखे करा. ही अट व्यवहारातही असतेच. ३ डझन केळी आणि ५ केळी यांची बेरीज ८ होत नाही; आधी डझनांची केळी करावी लागतात.

उजनी धरणाची एकूण साठवण सुमारे ३.३२ × १०^१२ लिटर. कोयना आणि उजनी दोन्ही भरली तर घातांक आधीच सारखे असल्याने फक्त गुणक मिळवायचे : २.९८ + ३.३२ = ६.३०. एकूण ६.३० × १०^१२ लिटर.

आता याच पाण्यात एखाद्या तलावाचे पाच कोटी लिटर, म्हणजे ५ × १०^७ लिटर, मिळवून पाहू. घातांक १२ करायचा तर चिन्ह पाच घरे डावीकडे जाते : ०.००००५ × १०^१२. बेरीज ६.३०००५ × १०^१२. पण मूळ आकडा तीनच अंकांपर्यंत भरवशाचा होता, त्यामुळे उत्तर ६.३० × १०^१२ च राहते. गावाला वर्षभर पुरणारा तलाव या बेरजेत उमटतही नाही.

सूर्याच्या वस्तुमानात पृथ्वीचे मिळवले तरी असेच होते. १.९८८ × १०^३० मध्ये ०.०००००५९७ × १०^३० मिळवले तर चौथ्या अंकापर्यंत काहीच हलत नाही. घातांकांत चार-पाचांचे अंतर असले की बेरजेत लहान संख्या सोडून देता येते, हा अंदाज बांधणाऱ्यांना फार उपयोगी पडणारा नियम आहे.

८. घातांकातले अंतर म्हणजे किती?

या लेखनात एक धोकाही आहे. १०^६ आणि १०^९ कागदावर जवळजवळ सारखेच दिसतात. सहा आणि नऊ यांत तीनाचाच फरक. पण घातांकातला प्रत्येक एक म्हणजे दहा पटी. तीनाचा फरक म्हणजे हजार पटी. वेळेच्या भाषेत सांगायचे तर १०^६ सेकंद म्हणजे साडेअकरा दिवस, १०^९ सेकंद म्हणजे जवळजवळ बत्तीस वर्षे आणि १०^१२ सेकंद म्हणजे एकतीस हजारांहून जास्त वर्षे. पहिल्यात एक सुट्टी संपते, दुसऱ्यात एक पिढी वाढते आणि तिसऱ्यात मानवाचा सगळा लिखित इतिहास कित्येकदा मावतो.

घातांकांची तुलना करायची सवय झाली की एरवी कल्पनेतही न येणारे प्रश्न सोडवता येतात. उदाहरणार्थ : भरलेल्या कोयना धरणात पाण्याचे थेंब जास्त, की एका थेंबात पाण्याचे रेणू जास्त?

ड्रॉपरने औषध घेताना साधारण वीस थेंबांचा एक मिलिलिटर धरतात. म्हणजे एका लिटरमध्ये २ × १०^४ थेंब. कोयनेतले थेंब :

(२.९८ × १०^१२) × (२ × १०^४) = ५.९६ × १०^१६

आता थेंबाच्या आत. १८ ग्रॅम पाण्यात ६.०२ × १०^२३ रेणू असतात. या संख्येला ॲव्होगाड्रो संख्या म्हणतात. एक लिटर पाणी म्हणजे हजार ग्रॅम. ६.०२ × १०^२३ ला १८ ने भागून १०^३ ने गुणले की लिटरमधले रेणू येतात : ३.३४ × १०^२५. त्याला लिटरमधल्या थेंबांनी, २ × १०^४ ने, भागले की एका थेंबातले रेणू : १.६७ × १०^२१.

एकीकडे घातांक १६, दुसरीकडे २१. उत्तर इथेच मिळाले. दोन्हींचा भागाकार २.८ × १०^४ येतो. एका थेंबातले रेणू कोयना धरणातल्या सगळ्या थेंबांच्या अठ्ठावीस हजार पट आहेत. तेवढे थेंब जमवायला अठ्ठावीस हजार कोयना भराव्या लागतील.

फार लहान राशीही याच रीतीने लिहितात, फक्त घातांक ऋण असतो. १०^−३ म्हणजे एक हजारांश. दशांशचिन्ह उजवीकडे जितकी घरे सरकवावे लागेल तितका ऋण घातांक : ०.००००४ म्हणजे ४ × १०^−५. गुणाकार-भागाकाराचे नियम तेच राहतात. आणि १०^० म्हणजे १, कारण एकावर एकही शून्य नाही.

९. नियमाने बांधलेली नावे

नावांनी गोंधळ होतो म्हणून घातांक आले, पण बोलताना नावे लागतातच. म्हणून मोजमापांच्या आंतरराष्ट्रीय पद्धतीत एककांना जोडायचे उपसर्ग ठरवून दिलेले आहेत. किलो म्हणजे १०^३, मेगा १०^६, गिगा १०^९, टेरा १०^१२. पुढेही ते तीन-तीन घातांकांनी चढतात. मोबाइलच्या डेटाचा गिगाबाइट आणि वीजकेंद्राचा मेगावॅट याच कुटुंबातले. २०२२ मध्ये त्यात रोना (१०^२७) आणि क्वेटा (१०^३०) यांची भर पडली. त्यामुळे बावीस शून्यांची पृथ्वी आता जवळजवळ सहा रोनाग्रॅमची झाली. खर्व आणि खरब यांच्यासारखा घोळ इथे होत नाही, कारण या नावांचा अर्थ घातांकाने एकदाच ठरवून टाकलेला आहे.

१०. गणनयंत्रावरचा ‘ई’

गणनयंत्राच्या पडद्यावर जागा थोडी असते. उत्तर मावेनासे झाले की ते २.९८ई१२ अशा रूपात दिसते, फक्त तिथे इंग्रजी ‘ई’ असतो. त्याचा अर्थ ‘गुणिले दहाचा अमुक घात’ एवढाच, म्हणजे २.९८ × १०^१२. यंत्र बिघडलेले नसते, ते फक्त वैज्ञानिक लेखनात बोलत असते.

एक्सेलसारख्या तक्त्यांत मात्र यामुळे खरी पंचाईत होते. रकान्यात बारा किंवा जास्त अंकांचा क्रमांक टाकला की तो ‘ई’च्या रूपात दिसू लागतो. पंधरापेक्षा जास्त अंक असतील तर सोळाव्या अंकापासून पुढे शून्ये साठवली जातात आणि मूळ अंक हरवतात. लांब खाते क्रमांकांची किंवा सोळा अंकी कार्ड क्रमांकांची यादी अशी बिघडते. उपाय साधा आहे : क्रमांक टाकण्याआधी तो रकाना ‘मजकूर’ प्रकारचा करावा.

चूक घडते ती यंत्र क्रमांकाला राशी समजते म्हणून. खाते क्रमांक ‘केवढा’ आहे याला काही अर्थ नाही. तो ‘कोणता’ आहे हेच महत्त्वाचे. त्यातला शेवटचा अंक पहिल्याइतकाच मोलाचा असतो.

११. या लेखनात काय मावत नाही

ऑक्टोबर २०२४ मध्ये तोवरची सर्वांत मोठी ज्ञात मूळ संख्या सापडली. मूळ संख्या म्हणजे एक आणि ती स्वतः यांखेरीज दुसऱ्या कुठल्याही संख्येने पूर्ण भाग न जाणारी संख्या. दोनाचा १३,६२,७९,८४१ वा घात घेऊन त्यातून एक वजा केला की ती मिळते. तिच्यात ४,१०,२४,३२० अंक आहेत. एका पानावर तीन हजार अंक छापले तरी साडेतेरा हजारांहून जास्त पाने लागतील. वैज्ञानिक लेखनात ती एका ओळीत बसते : सुमारे ८.८ × १०^४१०२४३१९.

या ओळीतून तिचा आकार पूर्ण कळतो, पण ती मूळ आहे की नाही हे कळणे अशक्य असते. तेवढ्याच आकाराच्या आणि सुरुवातीचे तेच अंक असलेल्या अगणित संख्या आहेत, आणि त्या सर्वांचे रूप असेच दिसेल. इथे संख्येची ओळख तिच्या प्रत्येक अंकात आहे. म्हणून गणिती ती दोनाच्या घातातून एक वजा करूनच लिहितात. ते लेखन छोटेही आहे आणि नेमकेही.

मोजून आलेली राशी असेल, धरणातले पाणी, ताऱ्याचे वजन, देशाचा खर्च, तर तिचे मोजकेच अंक भरवशाचे असतात आणि वैज्ञानिक लेखन नेमके तेवढेच ठेवते. जिथे शेवटच्या अंकालाही अर्थ आहे, तिथे संख्या पूर्णच लिहावी लागते.